रिख्टर, कार्ल

(१५ ऑक्टोबर १९२६–१५ फेब्रुवारी १९८१). जर्मन ऑर्गनवादक, हार्पसिकॉर्डवादक व वाद्यवृंदसंचालक. थोर जर्मन संगीतकार योहान झेबास्टिआन बाख (१६८५–१७५०) याच्या संगीताचा विसाव्या शतकातील एक प्रमुख भाष्यकार म्हणून तो ओळखला जातो. चर्चमधील उपासनेसाठी रचलेले संगीत सभागृहातील श्रोत्यांपर्यंत नेणे आणि तसे करताना त्यातील धर्मभाव उणा होऊ न देणे, हे त्याच्या कारकीर्दीचे मुख्य सूत्र होय.

रिख्टरचे कार्य समजण्यासाठी जर्मनीतील चर्चसंगीताच्या परंपरेची थोडी ओळख आवश्यक आहे. प्रॉटेस्टंट पंथाच्या ल्यूथरप्रणीत शाखेत उपासकांच्या सामुदायिक गायनाला मोठे महत्त्व आहे. या गायनाला साथ देणारा ऑर्गनवादक आणि गायकवृंदाला शिकवून त्याचे नेतृत्व करणारा ‘कांटोर’ हे चर्चमधील दोन प्रमुख संगीत-अधिकारी होत. ऑर्गन या वाद्यात लहानमोठ्या असंख्य नळ्यांमधून हवा सोडून ध्वनी निर्माण केला जातो. हातांसाठी एकाहून अधिक स्वरपट्ट व पायांसाठी वेगळ्या पट्ट्या असल्याने एकटा वादक अनेक स्वरधारा एकाच वेळी हाताळू शकतो. त्यामुळे ऑर्गनवादकाने पुढे वाद्यवृंद व गायकवृंद यांचे संचालन करावे, हे या परंपरेत स्वाभाविकच मानले जाते. लाइपसिक येथील सेंट टॉमस चर्चच्या कांटोरपदावर १७२३ पासून मृत्यूपर्यंत स्वतः बाखच होता आणि त्याच्या बहुतेक कँटाटा व पॅशन या रचना तेथील उपासनेसाठीच निर्माण झाल्या. कँटाटा म्हणजे त्या त्या रविवारच्या किंवा सणाच्या धर्मवचनांना धरून रचलेली गायन-वादनाची मालिका, तर पॅशन म्हणजे येशू ख्रिस्ताच्या अखेरच्या यातनांचे शुभवर्तमानाच्या आधारे केलेले सांगीतिक निवेदन.

रिख्टरचा जन्म सॅक्सनीमधील प्लाउएन येथे एका धर्मोपदेशकाच्या कुटुंबात झाला. लहान वयातच ड्रेझ्डेन येथील क्रॉइत्सशूल या विद्यालयात त्याला प्रवेश मिळाला व तेथील सुविख्यात बालगायकवृंदात रूडोल्फ माउअर्सबेर्गर याच्या हाताखाली त्याचे शिक्षण झाले. दुसऱ्या महायुद्धात, फेब्रुवारी १९४५ मध्ये, ड्रेझ्डेनवर झालेल्या बाँबवर्षावात हे शहर व गायकवृंदाचे चर्च बेचिराख झाले. युद्धानंतर रिख्टरने लाइपसिक येथे कार्ल श्ट्राउब व ग्युंटर रामीन यांच्याकडे अध्ययन केले. हे दोघेही आधी सेंट टॉमस चर्चचे ऑर्गनवादक व नंतर तेथील कांटोर झाले होते आणि रामीन हा श्ट्राउबचाच शिष्य होता. बाखच्या पदापर्यंत जाऊन पोहोचणारी ही गुरुपरंपरा रिख्टरला अशा रीतीने प्रत्यक्ष लाभली. १९४९ मध्ये, वयाच्या अवघ्या तेविसाव्या वर्षी, तो स्वतः सेंट टॉमस चर्चचा ऑर्गनवादक झाला.

त्याच वर्षी जर्मनीची दोन राष्ट्रांत विभागणी झाली व लाइपसिक पूर्व जर्मनीत गेले. १९५१ मध्ये रिख्टर पश्चिम जर्मनीतील म्यूनिक येथे आला. तेथील सेंट मार्क या प्रॉटेस्टंट चर्चमध्ये कांटोर व ऑर्गनवादक आणि संगीत महाविद्यालयात अध्यापक म्हणून त्याची नेमणूक झाली. म्यूनिक हे प्रामुख्याने कॅथलिकांचे शहर. बाखच्या चर्चसंगीताची लाइपसिकसारखी अखंड परंपरा तेथे नव्हती. रिख्टरने तेथील एका लहान गायनमंडळाचा विस्तार केला व १९५४ मध्ये त्याला ‘म्यूनिक बाख गायकवृंद’ हे नाव दिले. या वृंदातील गायक व्यावसायिक नव्हते, तर आपापले व्यवसाय सांभाळून तालमींना येणारे हौशी स्त्री-पुरुष होते. जोडीला त्याने निवडक वादकांचा ‘म्यूनिक बाख वाद्यवृंद’ उभारला. ॲन्सबाख येथील बाख महोत्सवातील कार्यक्रमांमुळे या दोन्ही वृंदांची कीर्ती लवकरच जर्मनीबाहेर पसरली.

१९५६ मध्ये रामीनचे निधन झाले व सेंट टॉमस चर्चचे कांटोरपद रिकामे झाले. ते स्वीकारण्याविषयी रिख्टरला विचारणा झाली. जर्मन चर्चसंगीतात याहून मानाचे पद नाही; शिवाय ज्याचे सारे शिक्षण याच परंपरेत झाले, त्याच्या दृष्टीने ते बाखचे प्रत्यक्ष आसन होते. तथापि रिख्टरने नकार दिला आणि स्वतः घडविलेल्या वृंदांसह म्यूनिकमध्येच राहणे पसंत केले. या निर्णयाचे परिणाम दूरगामी ठरले. लाइपसिकमध्ये त्याला बालगायक व आठवड्याची उपासना यांच्या चौकटीत काम करावे लागले असते. म्यूनिकमध्ये मात्र प्रौढांचा मोठा वृंद, मोठी सभागृहे, नामवंत एकलगायक व ध्वनिमुद्रणाची आधुनिक साधने त्याला उपलब्ध झाली.

बाखच्या सु. २०० उपलब्ध चर्च-कँटाटांपैकी सु. ७५ रिख्टरने ध्वनिमुद्रित केल्या. त्यांखेरीज सेंट मॅथ्यू पॅशन (१९५८), बी मायनर मास (१९६१), सेंट जॉन पॅशन (१९६४) व ख्रिसमस ऑरेटोरिओ (१९६५) यांची त्याची ध्वनिमुद्रणे विशेष गाजली. डीट्रिख फिशर-डीस्काउ, एर्न्स्ट हेफ्लिगर, हेर्टा टपर, फ्रिट्स वुंडरलिख हे गायक आणि मॉरिस आंद्रे (ट्रंपेट) व ओरेल निकोले (बासरी) हे वादक त्याच्या ध्वनिमुद्रणांत सहभागी झाले होते. १९६८ मध्ये त्याने मॉस्को व लेनिनग्राड येथे सेंट जॉन पॅशन व बी मायनर मास या कृती सादर केल्या. धर्माविषयी प्रतिकूल धोरण असलेल्या सोव्हिएट राजवटीत ही धर्मसंगीताची सादरीकरणे विशेष लक्षणीय ठरली. हँडल, ग्लुक व ब्राम्स यांच्या रचनाही त्याच्या कार्यक्रमांत असत.

रिख्टर मोठमोठ्या कृतींचेही संचालन पुष्कळदा मुखोद्गत करी व अनेकदा हार्पसिकॉर्ड वाजवीतच वृंदाला सूचना देई. ठाम व स्थिर लय, स्वरधारांची स्पष्टता आणि समूहगानातील नाट्यमय आवेग हे त्याच्या शैलीचे विशेष होत. एकोणिसाव्या शतकातील स्वच्छंदतावादी सादरीकरणात बाखची लय ताणली जाई व स्वरघटना धूसर होई; तिला त्याने शिस्त आणली. मात्र वृंदाचा आकार व आधुनिक वाद्ये त्याने कायम ठेवली.

नेमक्या याच बाबतीत पुढे मतभेद निर्माण झाले. बाखने १७३० मध्ये लाइपसिकच्या नगरपरिषदेला सादर केलेल्या निवेदनात चर्चसंगीतासाठी किमान १२ व शक्यतो १६ गायक असावेत, असे म्हटले होते. त्याच्या काळची वाद्ये वेगळी होती, त्यांचा ध्वनी सौम्य असे आणि उच्च स्वरांचे गायन मुलगे करीत. या आधारावर बाखचे संगीत मूळ साधनांनिशी सादर करण्याची चळवळ जोर धरू लागली. निकोलाउस हार्नोनकूर्ट व गुस्टाव्ह लेओनहार्ट यांची कँटाटांची ध्वनिमुद्रणे १९७१ पासून प्रसिद्ध होऊ लागली. रिख्टरने हा मार्ग स्वीकारला नाही. परिणामी, ज्याने आधीच्या पिढीची शैली जुनी ठरविली होती, त्याचीच शैली त्याच्या हयातीत जुनी मानली जाऊ लागली. त्याच्या अखेरच्या ध्वनिमुद्रणांत, विशेषतः सेंट मॅथ्यू पॅशनच्या १९७९ च्या ध्वनिमुद्रणात, लय अधिक संथ व भारदस्त झालेली आढळते.

१९७१ मध्ये त्याला हृदयविकाराचा झटका आला व पुढे दृष्टिदोषानेही ग्रासले. तरीही त्याचे कार्यक्रम चालूच राहिले. हृदयविकारानेच म्यूनिक येथे त्याचे निधन झाले. झुरिक येथे त्याचे दफन करण्यात आले.

ऐतिहासिक अचूकतेच्या कसोटीवर रिख्टरची सादरीकरणे आज सर्वमान्य नाहीत. परंतु कोणत्याही सादरीकरणाचे मूल्य केवळ साधनांच्या प्राचीनतेवर ठरत नाही. बाखच्या कँटाटा प्रथमच मोठ्या प्रमाणावर घरोघरी ऐकल्या जाऊ लागल्या, त्यात रिख्टरच्या ध्वनिमुद्रिकांचा वाटा मोठा होता. मूळ वाद्यांच्या पुरस्कर्त्यांनाही जाणकार श्रोतृवर्ग आयता मिळाला, तो काही अंशी त्यामुळेच. धर्मवचनाचा अर्थ समूहगानातून श्रोत्याच्या मनावर ठसविण्याचे त्याचे सामर्थ्य त्याच्या टीकाकारांनीही मान्य केले आहे.