सक्तीची नोंदणी आणि आपण इंजिनिअर

उल्हासनगरच्या रिक्षावाल्याला आपण बिनधास्त ‘कॅम्प चार’ सांगतो. हे कॅम्प मुळात दुसऱ्या महायुद्धातला लष्करी तळ. फाळणीनंतर तिथे सिंधी निर्वासित आले. त्या युद्धातलं भारतीय सैन्य सुमारे 25 लाखांचं झालं, तेही सक्तीची भरती न करता! 1940 चा सक्तीचा कायदा होता, पण तो भारतातल्या युरोपीय ब्रिटिश प्रजेपुरता.

मग आपल्याकडे सक्ती होऊच शकत नाही? तसं नाही. घटनेचं कलम 23 वेठबिगारीला बंदी घालतं, पण सार्वजनिक कामासाठी सक्तीची सेवा लावायची मुभा सरकारला देतं. आणि 1972 च्या राष्ट्रीय सेवा कायद्याने नोंदणी सांगितली ती कुणाची? इंजिनिअर आणि डॉक्टरांची! म्हणजे हा वाद आपल्या खोलीपर्यंत आलेला आहे.

अमेरिकेत सक्तीची भरती 1973 ला थांबली, नोंदणी 1980 ला परत आली. 18 ते 25 वयाच्या पुरुषांना, ग्रीन कार्डवाल्यांनाही, ती लागू आहे. स्टुडंट व्हिसावर एम.एस. करणाऱ्याला नाही.

बाजूचे म्हणतात, युद्ध आल्यावर यादी करत बसणार का? विरोधक म्हणतात, यादी झाली की सक्ती एका सहीवर येते. आपल्याकडे 1963 ला कॉलेजात सक्तीची केलेली एन.सी.सी. 1968 ला पुन्हा ऐच्छिक झाली.

माझं मत? अंबरनाथच्या ऑर्डनन्स फॅक्टरीत लेथवर उभा राहणाराही देशाचंच काम करतो, आणि तो स्वतःहून अर्ज करून आलेला असतो. तुमचं मत मेसमध्ये ऐकूच. फक्त नोंदणी म्हणजे भरती नव्हे, एवढं धरून भांडा!