मालकाच्या दारातली रांग

नागपूरजवळच्या हिंगणा एमआयडीसीतला एखादा छोटा कारखाना घ्या. पत्रा कापून तयार, पण वेल्डर हात बांधून उभा. ड्रॉइंगवर मालकाची सही नाही. मालक फोनवर, आणि दारात ट्रकवाला बिल्टीसाठी ताटकळलेला.

हे रांगेचं गणित. डेन्मार्कच्या एर्लांग यांनी १९०९ मध्ये टेलिफोन कॉलवरून त्याचा पाया घातला. कामं अवचित येतात, वेळ कमीजास्त लागतो आणि उरकणारा एकटाच, असं धरा. तो निम्मा वेळ गुंतलेला असेल, तर प्रत्येक कामाला सरासरी एका कामाच्या वेळेइतकं थांबावं लागतं. ८० टक्के गुंतला की चौपट, ९० टक्क्यांवर नऊपट! ‘अजून थोडं रेटू’ हा आपला लाडका हिशेब इथेच फसतो.

मग मालकाने कारभार दुसऱ्याकडे सोपवायचा कधी? हल्दीरामचा नागपुरातला व्यवसाय १९७० च्या सुमाराचा. घराबाहेरचा सीईओ मात्र दिल्ली-नागपूरचे खाद्यव्यवसाय एकत्र करताना, अर्धशतकानंतर आला. एवढं थांबणं प्रत्येकाला परवडत नाही.

आठवडाभर वहीत टिपा: ‘मालकाला विचारून सांगतो’ म्हणून कोणती कामं अडली? तीच तीच असतील, तर आधी नियम लिहून काढा. तरीही रांग हटली नाही, तर कारभारी नेमा. पण खरेदीवर सही करायचा अधिकार देणार नसाल, तर त्याचा पगार वाचवा.