लष्करातला विदूषक : स्पाइक मिलिगनचे पुणे

इंग्रज लष्करी अधिकारी आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिला तो पडद्यावर. ताठ कणा, बारीक मिशी, संकटातही न ढळणारी शिस्त आणि बोलण्यात किंचित खट्याळपणा. ही प्रतिमा ज्यांनी घडवली त्यांत डेव्हिड निव्हनचे नाव अगदी वर येते. निव्हनच्या बाबतीत ते निव्वळ सोंग नव्हते. तो सँडहर्स्टच्या लष्करी विद्यालयातून १९३० साली अधिकारी होऊन बाहेर पडला. काही वर्षांनी राजीनामा देऊन हॉलिवुडला गेला आणि दुसरे महायुद्ध सुरू होताच चालू कारकीर्द सोडून पुन्हा सैन्यात दाखल झाला. युद्ध संपले तेव्हा तो लेफ्टनंट कर्नल होता. गंमत अशी की, या खऱ्याखुऱ्या अधिकाऱ्याला ऑस्कर मिळाले ते एका खोट्या अधिकाऱ्याच्या भूमिकेसाठी. ‘सेपरेट टेबल्स’ (१९५८) या चित्रपटातला त्याचा मेजर पोलॉक आपला हुद्दा आणि पराक्रम फुगवून सांगणारा, आतून भेदरलेला माणूस आहे. उतारवयात निव्हन आपल्या शेजारी गोव्यातही आला होता. ‘द सी वुल्व्ज’ (१९८०) या चित्रपटात मुरगावच्या बंदरातील जर्मन जहाजावर १९४३ साली झालेल्या हल्ल्याची कथा आहे. त्यात तो कर्नल झाला होता.

निव्हनची आठवण काढण्याचे कारण वेगळे आहे. त्याच काळात दुसरा एक नट याच इंग्रज अधिकाऱ्याची यथेच्छ टर उडवत होता. त्यानेही खाकी गणवेश घातला होता, पण तो साध्या गनरचा. आणि तो वाढला होता पुण्यात. त्याचे नाव स्पाइक मिलिगन. इंग्रजी विनोदाच्या इतिहासात त्याला मानाचे पान आहे. पुण्याच्या इतिहासात मात्र तो सापडत नाही. असे का व्हावे, याचा विचार करताना माझ्या लक्षात आले की, मिलिगनच्या विनोदाचे मूळ शोधायला आपल्याला लष्करातच जावे लागते. मी सैन्य म्हणत नाही. पुण्याची जुनी माणसे कॅम्पाला ‘लष्कर’ म्हणत, ते लष्कर.

टेरेन्स ॲलन मिलिगनचा जन्म १६ एप्रिल १९१८ रोजी अहमदनगरला, म्हणजे आताच्या अहिल्यानगरला झाला. वडील लिओ मिलिगन हे मूळचे आयर्लंडचे, तोफखान्यातले. आई फ्लॉरेन्स इंग्रज, गाणारी आणि वाजवणारी. लिओंनाही रंगभूमीचे वेड होते. छावणीतल्या करमणुकीच्या कार्यक्रमांत ते हौसेने उभे राहत. पण नोकरी सैन्याची, आणि तीही अधिकाऱ्याची नव्हे. त्यांच्या नावापुढे एमएसएम ही अक्षरे लागत. ‘मेरिटोरियस सर्व्हिस मेडल’ हे पदक दीर्घ आणि चोख सेवेबद्दल सार्जंट वगैरे खालच्या हुद्द्यांवरील लोकांना दिले जाई. पदकावरूनच माणसाची पायरी कळावी, अशी ती व्यवस्था होती. पुढे लिओ कॅप्टन झाले, पण मुलाचे बालपण गेले ते सार्जंटांच्या वस्तीत.

ही पायरी नीट समजून घेतली पाहिजे. आपण ‘गोरे’ म्हणून सगळ्यांना एकाच पंगतीला बसवतो. छावणीत तसे नव्हते. अधिकाऱ्यांचे बंगले वेगळे, क्लब वेगळे. साध्या सैनिकाला लग्न करायचे तर वरिष्ठांची परवानगी लागे आणि विवाहितांसाठी असलेल्या मोजक्या खोल्यांत जागा मिळावी लागे. अशा घरातही स्वयंपाकी असे, मुलाला आया असे. म्हणजे नोकरचाकरांच्या दृष्टीने ही माणसे साहेब आणि साहेबांच्या दृष्टीने नोकरचाकर. त्यातून लिओ आयरिश आणि कॅथलिक. कॅम्पातले सेंट पॅट्रिक चर्च पाहिले की आजही लक्षात येते, आयर्लंडच्या संताचे नाव पुण्यात कोणी आणि कोणासाठी आणले ते.

स्पाइकचे पुण्यातले दिवस म्हणजे साधारणपणे १९२०चे दशक. त्या दशकातल्या पुण्याबद्दल आपल्याकडे भरपूर लिहिलेले आहे. टिळक नुकतेच गेले होते. बालगंधर्वांच्या नाटकांना गर्दी लोटत होती. येरवड्याच्या तुरुंगातून आणलेल्या गांधीजींवर जानेवारी १९२४मध्ये ससून रुग्णालयात शस्त्रक्रिया झाली, ती करणारे कर्नल मॅडॉक इंग्रजच होते. स्पाइक तेव्हा सहा वर्षांचाही नव्हता. मी स्वतः पेठेत वाढलो. आमच्या लहानपणीही ‘लष्करात जाऊन येतो’ असे म्हणत, ते परगावी जाऊन आल्यासारखे. मग १९२४ साली ही दोन गावे एकमेकांपासून किती लांब असतील! मराठी वाङ्मयाने पेठांचे पुणे बारकाईने टिपले, लष्कर बहुधा दुरून पाहिले. मिलिगन त्या न टिपलेल्या पुण्याचा रहिवासी होता.

तो शिकला कॅम्पातल्या कॉन्व्हेंट ऑफ जीझस अँड मेरीमध्ये. तिथली एक आठवण तो पुढे आवर्जून सांगे. नाताळच्या नाटुकल्यात त्याला विदूषकाचे काम मिळाले होते. चेहरा रंगवायचा, उड्या मारायच्या आणि शेवटी बाजूला व्हायचे. बाळ येशूच्या पाळण्याभोवती सगळी पात्रे जमतात, त्या प्रसंगात विदूषकाला जागा नव्हती. पोराला ते पटले नाही. विदूषकालाही तिथे जागा असली पाहिजे, असे त्याला वाटले आणि तो गर्दीतून घुसून पाळण्यापाशी जाऊन उभा राहिला. कलावंत आपल्या बालपणाच्या गोष्टी नंतर घडवून सांगतात, हे गृहीत धरले तरी सांगण्यासाठी त्याने हीच गोष्ट निवडली, याला अर्थ आहे.

पुण्यानंतर वडिलांची बदली रंगूनला झाली आणि १९३०च्या दशकाच्या सुरुवातीला, सैन्यातील काटकसरीच्या काळात लिओंची नोकरी संपली. कुटुंब दक्षिण लंडनमध्ये आले. कधी न पाहिलेल्या ‘मायदेशी’ स्पाइकला थंडी, धुके आणि गरिबी भेटली. मिळतील ती कामे करत तो ट्रम्पेट आणि गिटार वाजवायला शिकला. १९४०मध्ये सैन्यात बोलावणे आले. वडिलांसारखाच तोही तोफखान्यात गेला, सिग्नलर म्हणून. उत्तर आफ्रिका आणि तिथून इटली. जानेवारी १९४४मध्ये मॉन्टे कॅसिनोच्या लढाईत तो उखळी तोफेच्या माऱ्यात जखमी झाला. जखमेपेक्षा मनाला बसलेला धक्का मोठा होता. त्याला तोफांचा आवाज सहन होईना. वरिष्ठांनी याची संभावना पदावनतीने केली. लान्स बॉम्बार्डियर ही सर्वांत खालची पट्टीही गेली आणि तो पुन्हा साधा गनर झाला. मानसिक आजाराने त्यानंतर त्याला जन्मभर सोडले नाही.

हा तपशील हातात ठेवून ‘द गून शो’कडे पाहावे. १९५१ ते १९६० या काळात बीबीसी रेडिओवर झालेल्या या कार्यक्रमाचा मुख्य लेखक मिलिगन होता. पीटर सेलर्स आणि हॅरी सीकोम हे त्याचे सोबती. यातले मेजर डेनिस ब्लडनॉक हे पात्र सेलर्स करी. हा मेजर हिंदुस्थानात नोकरी केलेला, भित्रा, लाचखाऊ आणि पोटाच्या तक्रारीने कायम हैराण. त्या काळी इंग्रजी विनोदात ‘पूना’ हा शब्दच हसवणारा होता. क्लबात बसून ‘मी पूनाला होतो तेव्हा’ असे सुरू करणारा निवृत्त कर्नल हे तिथले ठरीव पात्र. पण इतरांच्या विनोदात पूना हे नुसते नाव होते. मिलिगनने ते गाव खालच्या बाजूने पाहिले होते. अधिकाऱ्यांच्या शौर्यकथा सार्जंटांच्या वस्तीत कशा ऐकल्या जातात, हे त्याला ठाऊक होते.

मराठी वाचकाला हे नाते परके वाटू नये. वगातला सोंगाड्या राजासमोर उभा राहून राजाचेच वाभाडे काढतो. वसंत सबनिसांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’मधले प्रधान, कोतवाल आणि हवालदार आठवा. हुद्दा जितका मोठा, तितका माणूस पोकळ, हे तिथलेही सूत्र आहे. मिलिगनने तमाशा पाहिला होता, असे मला मुळीच सुचवायचे नाही. उतरंडीच्या तळाशी राहणाऱ्याला कुठल्याही देशात हेच हत्यार हाताशी सापडते, एवढेच म्हणायचे आहे.

मात्र हे हत्यार त्याने नेहमी वरच्या दिशेनेच चालवले नाही. १९६९च्या ‘करी अँड चिप्स’ या दूरचित्रवाणी मालिकेत तो चेहऱ्याला रंग फासून आयरिश-पाकिस्तानी कामगार झाला. हेतू वंशद्वेषाची खिल्ली उडवण्याचा होता, असे सांगितले गेले. प्रत्यक्षात तक्रारी आल्या आणि सहा भागांत मालिका बंद पडली. ते हसू कोणावर होते, हा प्रश्न आपण विचारलाच पाहिजे. आपल्या आयेच्या कडेवर वाढलेल्या मुलाचे आपल्यावरचे प्रेम आणि साहेबाच्या मुलाची वरून पाहण्याची नजर, ही दोन्ही त्याच्यात एकत्र नांदत होती. एकच स्वीकारून दुसरी झाकणे म्हणजे त्याला पुन्हा न पाहणेच होय.

आणि ज्या साम्राज्याच्या तोफखान्यात बापलेकांनी आयुष्याची वर्षे घातली, त्याने त्याला काय दिले? नागरिकत्वाचे नियम बदलल्यावर, हिंदुस्थानात जन्मलेल्या आणि आयरिश बापाच्या मुलाला ब्रिटिश पासपोर्ट आपोआप मिळेना. राजनिष्ठेची शपथ घ्या, असे सांगण्यात आले. ज्याने युद्धात रक्त सांडले त्याने शपथ कशाला घ्यायची, म्हणून त्याने नकार दिला आणि १९६२मध्ये तो आयर्लंडचा नागरिक झाला. पुढे ब्रिटनने त्याला नाइटहुड दिले तेही मानद, परक्या नागरिकाला देतात तसे. पाळण्यापाशी विदूषकाला जागा नव्हतीच.

चित्रपटांत त्याने पुष्कळ छोटी-मोठी कामे केली. ‘द थ्री मस्किटिअर्स’ (१९७३) त्यांतले एक. १९७९च्या ‘लाइफ ऑफ ब्रायन’मध्ये तो दिसतो तो योगायोगाने. आपण जिथे लढलो त्या रणभूमी पुन्हा पाहायला तो ट्युनिशियात गेला होता. तिथेच मॉन्टी पायथनच्या मंडळींचे चित्रीकरण चालू होते. ही मंडळी त्याला गुरुस्थानी मानत, त्यांनी त्याला ओढून उभे केले. पण माझ्या मते त्याची खरी महत्त्वाची भूमिका दुसरी आहे. १९७१ साली त्याच्या युद्धस्मृतींचा पहिला खंड प्रसिद्ध झाला, ‘ॲडॉल्फ हिटलर : माय पार्ट इन हिज डाउनफॉल’. त्यावर लवकरच चित्रपट निघाला. तरुण स्पाइकचे काम जिम डेलने केले. स्वतः मिलिगनने भूमिका घेतली ती वडिलांची, लिओ मिलिगन यांची. लिओ १९६९मध्ये ऑस्ट्रेलियात वारले होते. नट होण्याची हौस छावणीच्या रंगमंचावरच भागवावी लागलेल्या त्या सैनिकाला मुलाने अखेर पडद्यावर उभे केले.

२७ फेब्रुवारी २००२ रोजी मिलिगन गेला. ‘मी आजारी आहे, हे सांगत होतो ना तुम्हाला’ अशा अर्थाचे वाक्य त्याला आपल्या थडग्यावर हवे होते. चर्चच्या अधिकाऱ्यांनी ते इंग्रजीत कोरू दिले नाही, म्हणून ते आयरिश भाषेत कोरले गेले. इंग्लंडच्या भूमीत, आयर्लंडच्या भाषेत, नगरला जन्मलेल्या आणि पुण्यात वाढलेल्या माणसाचा शेवटचा विनोद. तो तीनही देशांचा थोडा थोडा आहे. आपला वाटा मागण्यासाठी आपल्याला आधी लष्कर हेही पुणेच होते, असे मानावे लागेल.