चोरटी प्रत आणि चित्रपटवितरणाचे कालमान

चित्रपटाची चोरटी प्रत इंटरनेटवर पसरली म्हणजे निर्मात्याचे नुकसान होते, हे सामान्यतः गृहीत धरले जाते. परंतु हे नुकसान कोणत्या मार्गाने होते, आणि ते सर्व चित्रपटांच्या वाट्यास सारखेच येते काय, हे प्रश्न स्वतंत्र विचारास पात्र आहेत.

चित्रपटवितरण हा मूलतः काळाचा व्यापार होय. एकच कृती प्रथम चित्रपटगृहात, मग ओटीटीवर व दूरचित्रवाणीवर अशी टप्प्याटप्प्याने विकली जाते. त्या त्या वेळी ती अन्यत्र मिळत नाही, यावरच प्रत्येक टप्प्याचे मोल आधारलेले असते. चोरटी प्रत नेमकी ही दुर्मिळता नष्ट करते. किमान हमीच्या करारात वितरकाने रक्कम आगाऊ दिलेली असल्याने पहिला आघात त्याच्यावरच होतो.

म्हणूनच प्रत केव्हा फुटली, याला महत्त्व आहे. मा, मॉन्टगोमेरी, सिंग व स्मिथ यांच्या २०१४ मधील अभ्यासानुसार, प्रदर्शनपूर्व चोरीमुळे चित्रपटगृहातील उत्पन्न, प्रदर्शनोत्तर चोरीच्या मानाने, सुमारे १९ टक्क्यांनी घटते. आपल्याकडे २०१६ मध्ये ‘उडता पंजाब’ची प्रत प्रदर्शनाच्या दोन दिवस आधीच पसरली होती.

याला दुसरी बाजूही आहे. जानेवारी २०१२ मध्ये ‘मेगाअपलोड’ हे संकेतस्थळ बंद पाडण्यात आले. त्यानंतरच्या उत्पन्नाचा अभ्यास करून प्यूकर्ट, क्लाउसेन व क्रेचमर यांनी दाखविले की, असंख्य पडद्यांवर झळकणाऱ्या चित्रपटांना त्याचा लाभ झाला. लहान चित्रपटांचे उत्पन्न मात्र घटले. याची उपपत्ती अशी की, जाहिरातीचे बळ नसलेल्या चित्रपटाची कीर्ती तोंडोतोंडी पसरते, आणि फुकट पाहणाराही ती पसरवीत असतो. अर्थात, यावरून चोरीचे समर्थन होत नाही. सर्वांना एकच माप लावता येत नाही, एवढेच सिद्ध होते.

चलच्चित्र अधिनियमातील २०२३ च्या दुरुस्तीने तीन महिने ते तीन वर्षे कारावास, आणि किमान तीन लाख रुपयांपासून लेखापरीक्षित निर्मितिखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत दंड, अशी तरतूद केली आहे. शिक्षेच्या धाकाने पुरवठा आटेल. मागणीचे मूळ मात्र वितरणाच्या उणिवेतही असते. ज्या गावी चित्रपटगृह नाही, तेथील प्रेक्षकाची चोरटी प्रत तिकिटाची जागा घेत नाही. शहरातील प्रेक्षकाची बहुधा घेते. मराठी चित्रपटाच्या हानीचे मोजमाप करू इच्छिणाऱ्या अभ्यासकाने हा भेद प्रथम केला पाहिजे. अन्यथा प्रत्येक चोरटी प्रत म्हणजे एक बुडालेले तिकीट, असा सोपा पण सदोष हिशेब हाती येईल.