वर्धा खोऱ्यातील हिमयुगाच्या खुणा

हिमनदीचा विषय निघाला की विद्यार्थ्याचे लक्ष साहजिकच हिमालयाकडे जाते. तथापि उन्हाळ्यात ४५ अंशांहून अधिक तापमान अनुभवणाऱ्या चंद्रपूर जिल्ह्यातही एकेकाळी बर्फाचे साम्राज्य होते व त्याचा पुरावा तेथील खडकांवर आजही कोरलेला आहे.

पैनगंगा व वर्धा यांच्या संगमाजवळ इरई हे गाव आहे. (चंद्रपूरजवळून वाहणारी इरई नदी निराळी.) येथे कॅंब्रियनपूर्व काळातील चुनखडकाचा पृष्ठभाग घासून गुळगुळीत झालेला असून त्यावर समांतर ओरखडे दिसतात. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण संस्थेचे फेडन यांनी १८७५ मध्ये त्यांचे वर्णन प्रसिद्ध केले. नदीच्या पाण्यात दगड गडगडत जातात, त्यामुळे ते गोटे बनतात. हिमनदीच्या तळाशी मात्र दगड बर्फात घट्ट रुतलेले असतात. बर्फ पुढे सरकताना हे दगड खालच्या खडकावर कानशीप्रमाणे घासले जातात आणि स्वतःही एका बाजूने सपाट होतात. असे घासलेले दगड व बारीक माती यांचे कोणतीही प्रतवारी न झालेले मिश्रण या चुनखडकावर पसरलेले आहे. ओडिशातील तालचेरवरून या थरांना तालचेर थर म्हणतात. त्यांचे वय सुमारे ३० कोटी वर्षे आहे. त्यांतील शेल खडकाचा हिरवट रंग आणि न कुजलेले फेल्डस्पार हेदेखील थंड हवामानाचेच द्योतक होय, कारण अशा हवामानात रासायनिक विदारण मंदावते.

त्या काळी भारतीय भूखंड गोंडवनात सामावलेला असून दक्षिण ध्रुवाच्या बराच जवळ होता. दक्षिण आफ्रिकेतील ड्वायका थर याच हिमयुगाचे आहेत. खंडवहनाचा सिद्धान्त मांडताना वेगेनर यांनी अशा थरांचा आधार घेतला होता.

येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. आजच्या वर्धा खोऱ्यात 'यू' आकाराची दरी शोधू नये. हे खोरे नद्यांनी घडविलेले आहे. हिमनदीने घासलेला पृष्ठभाग नंतरच्या थरांखाली गाडला गेला व झीज होऊन काही ठिकाणी पुन्हा उघडा पडला. बर्फ वितळल्यानंतर दलदली निर्माण झाल्या, ग्लोसोप्टेरिससारख्या वनस्पती वाढल्या आणि तालचेरच्या वर बाराकार थरांत दगडी कोळसा तयार झाला. चंद्रपूरच्या औष्णिक वीजनिर्मितीचा आधार हाच कोळसा आहे.

या परिसरात कोळशाप्रमाणेच सिमेंटसाठी चुनखडकही काढला जातो. म्हणजे ज्या खडकावर हिमनदीचे ओरखडे आहेत, तोच उद्योगाचा कच्चा मालही आहे. कोळशाचे मोजमाप टनांत होते, ओरखड्यांचे मोल मात्र कोणत्याच खाण आराखड्यात सहजी बसत नाही. सुरुंगाने फुटलेला असा पृष्ठभाग पुन्हा घडवायचा तर दुसरे हिमयुगच यावे लागेल.