बाकी म्हणजे टाकाऊ उरलंसुरलं नव्हे

झाशी शहराच्या तटाला दहा दरवाजे आणि चार खिडक्या, म्हणजे लहान दिंड्या. दहांपैकी एक लक्ष्मी गेट. बाहेर लक्ष्मी तलाव आणि झाशीच्या राजघराण्याच्या, नेवाळकरांच्या कुलदेवतेचं, महालक्ष्मीचं देऊळ. भागाकाराबद्दल मुलांच्या, आणि पुष्कळदा पालकांच्याही, डोक्यात बसलेले गैरसमज याच शहराचे आकडे घेऊन तपासू.

गैरसमज : लहान संख्येला मोठ्या संख्येने भागताच येत नाही.
वस्तुस्थिती : समजा, दहा दरवाजांवर सातच पहारेकरी सारखे वाटायचे आहेत. प्रत्येक दरवाजाला शून्य, हातात सात. भागाकार ०, बाकी ७. हे पूर्ण उत्तर आहे.

गैरसमज : बाकी दशांशचिन्हापुढे लिहिली की झालं.
वस्तुस्थिती : ९७ ला १० ने भागलं तर ९, बाकी ७, आणि दशांशात ९.७. हे जुळतं ते केवळ भाजक १० आहे म्हणून. तेच ९७ चार खिडक्यांवर वाटा : २४, बाकी १. दशांशात मात्र २४.२५, २४.१ नव्हे.

गैरसमज : दोन्हीकडची शून्यं खोडली तरी उत्तर तेच राहतं.
वस्तुस्थिती : भागाकार तोच राहतो, बाकी बदलते. ९७० ÷ १०० मध्ये शून्यं खोडली की ९, बाकी ७ येते. खरी बाकी ७०. जितकी शून्यं खोडली तितकी बाकीला परत द्यावी लागतात.

गैरसमज : भाग गेला नाही, तर पुढचा अंक उतरवून पुढे जायचं.
वस्तुस्थिती : १८५८ ला ६ ने भागा. साही त्रिक अठरा, वर ३. पाच उतरवला, भाग जात नाही. इथे वर ० मांडायलाच हवं. मग आठ उतरवला, साही नवे चोपन्न, बाकी ४. उत्तर ३०९. शून्य विसरलात तर ३९ येतं.

गैरसमज : महत्त्वाचा तो भागाकार, बाकी सोडून दिली तरी चालते.
वस्तुस्थिती : पंचांगात नेमकं उलट आहे. ३ एप्रिल १८५८ रोजी इंग्रज झाशीत घुसले तेव्हा शके १७८० चालू होतं. महाराष्ट्रातल्या रीतीने संवत्सर, म्हणजे साठ नावांच्या चक्रातलं त्या वर्षाचं नाव, काढायला शकात १२ मिळवून ६० ने भागतात. १७९२ ÷ ६० : भागाकार २९, बाकी ५२. बावन्नावं संवत्सर कालयुक्त. इथे २९ ला कुणी विचारत नाही. आणि बाकी शून्य आली तर? तेव्हा साठावं, म्हणजे क्षय संवत्सर.

वही तपासताना भाजकाला भागाकाराने गुणा आणि बाकी मिळवा; भाज्य परत आला पाहिजे : ६ × ३०९ + ४ = १८५८. पण तेवढ्यावर थांबू नका. ६ × ३०८ + १० हेही १८५८ च होतात, तरी ते उत्तर चूक. दहात अजून एकदा सहा जातात. बाकी भाजकापेक्षा लहान असेल, तरच बरोबरची खूण करा.