पाटकाईच्या पलीकडचे नागा

मार्च १९५३ मध्ये जवाहरलाल नेहरू आणि बर्माचे पंतप्रधान ऊ नू एकत्र कोहिमाला आले. नागा डोंगर ज्या दोन देशांत वाटले गेले होते, त्या दोन्ही देशांचे पंतप्रधान त्या दिवशी नागांसमोर होते. नागा नॅशनल कौन्सिलला त्यांना निवेदन द्यायचं होतं. प्रशासनानं परवानगी नाकारली, तेव्हा जमलेला समुदाय पाहुण्यांकडे पाठ फिरवून मैदानातून निघून गेला. बोलणं तिथंच तुटलं.

स्वातंत्र्याची मागणी जुनी होती. इंग्रज गेल्यावर आम्हाला आमचं ठरवू द्या, असं नागा क्लबनं १९२९ साली सायमन कमिशनला लिहून दिलं होतं. १४ ऑगस्ट १९४७ रोजी नागांनी स्वातंत्र्य जाहीर केलं. मे १९५१ मध्ये कौन्सिलचे नेते फिजो यांच्या पुढाकारानं सार्वमत घेण्यात आलं. ९९ टक्क्यांहून अधिक कौल स्वातंत्र्याला मिळाल्याचं कौन्सिलनं सांगितलं. हे सार्वमत भारतीय बाजूच्या नागा टेकड्यांत झालं. पाटकाईच्या डोंगररांगेपलीकडच्या, बर्मातल्या नागांना कुणी विचारलं नाही, आणि पुढच्या साऱ्या इतिहासात हेच घडत राहिलं.

मराठी वाचकाला हे सगळं फार दूरचं वाटतं. पण १९६४ साली जयप्रकाश नारायण, विमलाप्रसाद चालिहा आणि मायकेल स्कॉट यांच्या शांतता मंडळानं सशस्त्र नागा आणि भारत सरकार यांच्यात युद्धविराम घडवून आणला, तेव्हा संरक्षणमंत्री होते यशवंतराव चव्हाण. मार्च १९६७ मध्ये भारत-बर्मा सीमाकरार झाला, तेव्हा ते गृहमंत्री होते. आणि तरीही नागालँडचा कारभार त्या काळात गृह खात्याकडे नव्हता. १९६३ साली राज्य झाल्यावरही १९७२ पर्यंत तो परराष्ट्र खातं पाहत होतं. नागा प्रश्न निव्वळ घरचा नाही, हे दिल्लीच्या कारभारातच दिसत होतं.

१९७५ च्या शिलाँग करारात भूमिगत नागांच्या प्रतिनिधींनी शस्त्रं खाली ठेवायचं मान्य केलं. ज्यांना ते पटलं नाही त्यांना आसरा दिला पूर्वेकडच्या नागांनी. तिथंच, बर्माच्या भूमीवर, १९८० साली नॅशनल सोशालिस्ट कौन्सिल ऑफ नागालँड (एनएससीएन) ही संघटना उभी राहिली. तिच्या तीन प्रमुखांपैकी इसाक स्वू नागालँडचे, मुइवा मणिपूरचे आणि खापलांग बर्माचे. अखंड नागाभूमीचं स्वप्न एवढ्या जवळ पूर्वी कधी आलं नसावं. ते आठ वर्षं टिकलं. १९८८ मध्ये खापलांग यांचा गट आणि इसाक-मुइवा गट यांच्यात रक्तरंजित फूट पडली, अनेक जण मारले गेले. दिल्लीशी मुइवांची छुपी बोलणी चालली आहेत, या संशयानं तिला वाट करून दिली असं सांगतात. मला त्यामागचं खोल कारण भूगोलात दिसतं. मुइवांना कधीतरी दिल्लीशी बोलावंच लागणार होतं आणि त्या बोलण्यात खापलांग यांच्या गावांना स्थान नव्हतं.

पुढं तसंच झालं. इसाक-मुइवा गटानं १९९७ मध्ये भारताशी युद्धविराम केला. २०१५ साली चौकट करारावर सह्या झाल्या. वेगळा ध्वज आणि वेगळी घटना या मुद्द्यांवर हा गट अडून बसला. खापलांग यांनी २०१२ मध्ये म्यानमारशी, म्हणजे पूर्वीच्या बर्माशी, समझोता केला आणि २०१५ मध्ये भारताशी असलेला युद्धविराम मोडला. २०१७ मध्ये ते वारले. पुढच्या वर्षी त्यांचे वारस खांगो कोन्याक यांना पद सोडावं लागलं; ते भारतीय बाजूचे होते, हे त्यामागचं कारण मानलं जातं. त्यांची जागा म्यानमारच्या युंग आंग यांना मिळाली. जी सीमा मानायचीच नाही म्हणून लढा सुरू झाला, ती संघटनेच्या आतूनच आखली गेली. या साऱ्या कहाणीतली मला सर्वांत दुःखद वाटणारी गोष्ट हीच.

म्यानमारच्या २००८ च्या घटनेनं लाहे, लेशी आणि नानयुन या तीन तालुक्यांचा स्वयंशासित नागा विभाग केला. नागा वस्ती असलेले खामती आणि होमालिन बाहेरच राहिले. डोंगरात रस्ते, शाळा, दवाखाने तुटपुंजे, म्हणून माणसं पश्चिमेकडे पाहतात. नागालँडच्या मोन जिल्ह्यातल्या लोंगवा गावात तर अंघाच्या, म्हणजे कोन्याक प्रमुखाच्या, घरामधूनच सीमा जाते आणि त्याची सत्ता दोन्हीकडच्या गावांवर चालते.

१,६४३ किलोमीटरच्या या सीमेवर कुंपण घालायचं केंद्र सरकारनं २०२४ मध्ये जाहीर केलं. मुक्त संचाराची मुभा पूर्वी १६ किलोमीटरपर्यंत होती. ती मोडीत काढण्याचं ठरलं, आणि नंतर १० किलोमीटरपर्यंत परवाना घेऊन ये-जा ठेवण्यात आली. कोहिमातून विरोध झाला, नागालँड विधानसभेनं ठराव केला. पूर्वेकडच्या नागांना असा ठराव करायला विधानसभा नाही. म्हणून दिल्लीतल्या वाटाघाटींत निदान या ये-जा करण्याच्या हक्काबाबत त्यांच्या ग्रामप्रमुखांचं म्हणणं ऐकलं जावं, आणि हा आग्रह आधी नागा नेत्यांनीच धरावा. अडचणीच्या वर्षांत त्यांना घर याच गावांनी दिलं होतं.